आईला आधी लांब न्या

पोलीस ठाण्यात तिला सगळे साखरबाई म्हणायचे. तोंडावर नाही, पाठीमागे. पण तिला ते ठाऊक होतं आणि खरं सांगायचं तर आतून आवडायचंही. हुद्द्याने ती फौजदार. काम मात्र असं, की ऐकणाऱ्याने म्हणावं, हे काय पोलिसाचं काम झालं? कुणी स्वतःला कोंडून घेतलं, कुणी टाकीवर चढून बसलं, कुणी रागाच्या भरात घरच्यांना ओलीस धरून आतून कडी लावली, की हिला बोलावणं यायचं. बाकीचे बंदुका, दोर, शिड्या घेऊन मागे थांबायचे आणि ही दाराबाहेर जमिनीवर फतकल मारून बोलत बसायची. नुसतं बोलायची हो! भाजीचा विषय निघायचा, पाठदुखीचा निघायचा, आतल्याच्या लहानपणीच्या कुत्र्याचा निघायचा. मग केव्हातरी कडी वाजायची आणि माणूस जिवंत बाहेर यायचा.

आवाजच तसा होता तिचा. कधी चढायचा नाही, कधी तुटायचा नाही. साहेब म्हणायचे, "ही बाई बोलायला लागली की मलाच शरण जावंसं वाटतं."

हे काम एकट्याने करत नाहीत. एक बोलणारा आणि त्याला चिकटून बसलेला दुसरा, नुसता ऐकणारा. या दुसऱ्याने तोंड उघडायचं नाही. आत काय चाललंय त्याचा कानोसा घ्यायचा आणि बोलणारा वाहवत चालला की त्याच्या खांद्यावर हात ठेवायचा. साखरबाईचा असा जोडीदार म्हणजे मौनीबुवा. निवृत्तीला टेकलेला हवालदार, पोट सुटलेला, बायको कधीच गेलेली, मूलबाळ नाही. इतकी वर्षं लोकांच्या दारांशी बसून हा गृहस्थ आतल्या माणसाशी एक अक्षर बोलला असेल तर शपथ! साखरबाई त्याला चिडवायची, "बुवा, घरी तरी बोलता का?" तो म्हणायचा, "कुणाशी?"

आणि या कामात एक गोष्ट सगळ्यांत आधी करायची असते. आईला आधी लांब न्यायचं. आई दाराशी आली की ती रडते, शपथा घालते, आतल्याचा उरलासुरला धीर जातो. साखरबाईने कितीतरी आयांना दंडाला धरून खाली नेऊन बसवलं होतं. बाया शिव्याशाप द्यायच्या. "तुला पोरंबाळं नाहीत का गं?" म्हणून छाती बडवायच्या. ती म्हणायची, "एक लेक आहे ना मला," आणि त्यांच्या हातात पाण्याचा पेला देऊन परत वर जायची.

ती लेक म्हणजे ठमी. बाप लांबच्या बंदरावर क्रेन चालवायचा, वर्षातून थोडे दिवस घरी, त्यामुळे घरात या दोघीच. साखरबाईचं प्रशिक्षण चालू होतं तेव्हा ठमी शाळेत होती आणि रोज जेवणानंतर आईचा सराव घ्यायची. ठमी झोपायच्या खोलीत जायची, हातात आमटीचा डाव घ्यायची, दार लावून ओरडायची, "मी कुणाचं ऐकणार नाही!" आई बाहेरून बोलायची. मध्येच आतून आवाज यायचा, "आई, हे खोटं वाटतं. परत म्हण." पोरगी वस्ताद होती. दोघी हसून हसून बेजार व्हायच्या.

पुढे ठमी नर्सिंगला गेली. आईला वाटलं, आपल्यासारखीच धीराची निघाली.

त्या दिवशी दुपारी साखरबाईला कॉलेजमधून फोन आला. तुमची मुलगी कित्येक महिने वर्गाला आलेलीच नाही, तिचं नाव कमी करतोय. रोज सकाळी डबा घेऊन, पांढरा गणवेश घालून बाहेर पडणारी पोरगी जाते तरी कुठे? तिने ठमीला फोन लावला. आता बघा, दुसरी कुठलीही आई असती तर फोनवरच आकाशपाताळ एक केलं असतं. हिने काय करावं? दाराबाहेर बसल्यासारखा आवाज लावला आणि म्हणाली, "मला कॉलेजमधून कळलं. मी रागावलेली नाही. तू बोल, मी ऐकतेय."

पलीकडून ठमी म्हणाली, "आई, माझ्याशी असं बोलू नकोस गं," आणि फोन ठेवला.

थोड्या वेळाने साखरबाईच्या धाकट्या बहिणीचा फोन आला. ती घाबरून नुसती ततपप करत होती. ठमीने तिला मेसेज टाकला होता, 'मावशी, आईला सांभाळ.'

साखरबाई कशी जीपमध्ये बसली, कशी तिसऱ्या मजल्यावर पोचली, तिचं तिला माहीत नाही. घराचं दार तिच्या किल्लीने उघडलं. ठमीच्या खोलीचं आतून बंद. स्वयंपाकघरात फडताळ उघडं होतं आणि औषधांचा डबा जागेवर नव्हता. तशीच भिंतीला धरून ती दाराशी आली आणि इतक्या वर्षांच्या सवयीने खाली बसली.

"ठमे, मी आलेय. मी इथेच आहे."

"मला घाई नाही," आतून ठमी म्हणाली. आवाज जड होता, रडून बसलेला. "पुढचं हेच ना? 'मला घाई नाही, आपल्याकडे भरपूर वेळ आहे.'"

साखरबाईच्या तोंडात तेच वाक्य होतं. तिने ते गिळलं. "तुला खूप त्रास झालेला दिसतोय."

"हे भावना ओळखून दाखवायचं. आता मी काहीतरी म्हणायचं आणि तू माझाच शेवटचा शब्द परत म्हणायचास. आई, मला सगळं पाठ आहे. तू जा."

"जा?"

"बघ! म्हणालीसच!"

आत काहीतरी सरकल्याचा आवाज झाला. मग काहीच नाही. साखरबाईला शांततेची भीती कधी वाटली नव्हती. शांतता म्हणजे आतला माणूस विचार करतोय, असं ती नव्या पोरांना शिकवायची. आता ती शांतता सहन होईना. कान दाराला लावला तर स्वतःच्या छातीचे ठोकेच ऐकू येत होते. डबा पोरीच्या हातात आहे का? झाकण उघडलंय का? विचारावं तर कसं विचारावं? आयुष्यात पहिल्यांदा तिला पुढचं वाक्य सुचत नव्हतं.

तिने बुवाला फोन केला.

बुवा धापा टाकत जिना चढून आला. ॲम्ब्युलन्सला त्याने भोंगा न वाजवता कोपऱ्यावर उभं राहायला सांगितलं होतं. त्याने आधी साखरबाईकडे पाहिलं, मग दाराकडे.

"बाई, तुम्ही खाली जा."

"काय?"

"तुम्ही आई आहात."

"बुवा, डोकं ठिकाणावर आहे का? बोलणार कोण? तुम्ही?"

"तुम्ही खाली जा," बुवा परत म्हणाला आणि त्याने तिच्या दंडाला धरलं. त्याने तिला घराबाहेर काढलं आणि जिन्याच्या खालच्या वळणावर पायरीवर बसवलं. शिकवलं होतं कुणी? हिनेच!

पायरीवर बसल्यावर साखरबाईला कळलं की इथून शब्द कळत नाहीत, नुसती कुजबुज येते. इतक्या आयांना तिने हे भोगायला लावलं होतं. वर काय चाललंय? बोलतोय का तो? की बसलाय आपला गप्प? ती रुमालाच्या टोकाला गाठी मारत होती आणि सोडत होती. खालच्या मजल्यावरच्या काकू दार किलकिलं करून म्हणाल्या, "पाणी देऊ का?" तर साखरबाईला इतका संताप आला, की काकूंनी दार लावून घेतलं ते बरंच झालं.

वर बुवा दाराशी बसला होता आणि त्याला घाम फुटला होता.

"ठमे, मी बुवाकाका."

"तुम्ही?" आतल्या आवाजात खरोखरच आश्चर्य होतं. "तुम्ही बोलता?"

"नाही गं. मला येत नाही. तुझ्या आईला खाली नेऊन बसवलं, आता कुणीतरी बोलायला हवं." आणि त्याने सरळ विचारलं, "गोळ्या घेतल्यास का?"

"नाही अजून."

"डबा हातात आहे?"

"मांडीवर."

"बरं. मांडीवरच राहू दे. कॉलेज का सोडलंस?"

कसलीही प्रस्तावना नाही, काही नाही. पण ठमी बोलायला लागली. वॉर्डात एक आजी होत्या. त्यांचा श्वास अडकला तेव्हा ठमी जवळच उभी होती आणि तिचे पायच हलले नाहीत. दुसऱ्या नर्सने धावत येऊन सांभाळलं, आजी वाचल्या. पण त्या दिवसापासून वॉर्डाच्या दाराशी गेलं की हिच्या घशाला कोरड पडायची. मग ती रोज गणवेश घालून बागेत जाऊन बसायची. "आईला कसं सांगू? आई सुऱ्यांसमोर बसते. तिला कधी भीती वाटत नाही. तिच्या पोटी मी अशी कशी निघाले, काका?"

"तिला भीती वाटत नाही?" बुवा म्हणाला. "अगं, प्रत्येक कामानंतर ती जीपच्या मागे जाऊन ओकते. मी पाण्याची बाटली धरून उभा असतो."

"खोटं! मला बरं वाटावं म्हणून सांगताय. तुम्ही लोक ना..."

"माझं लेका नशीबच फुटकं," बुवा पुटपुटला. "एकदा तोंड उघडलं तर कुणाचा विश्वास नाही."

आणि तेवढ्यात खाली बांध फुटला. वरची कुजबुज थांबलेली साखरबाईने ऐकली आणि तिच्या मनात नको ते आलं. तिला उठायचं होतं, पण पाय उचलेनात. ती कठड्याला धरून ओरडली, आणि असं ओरडली की सगळा जिना दुमदुमला.

"बुवा! गप्प का झालात? दार तोडा! लाथ मारा त्या दाराला! काय बघत बसलाय? तुम्हाला पोर असतं ना, तर कळलं असतं!"

हे शेवटचं बोलली आणि तिचंच तिला चर्रर्र झालं. पण शब्द गेला होता.

वर बंद दाराआडून ठमी किंचाळली, "आई! काकांना असं बोलायचं नाही!"

"तू गप्प बस! तू मला शिकवू नकोस! आग लागो त्या कॉलेजला, सोडलंस तर सोडलंस! पण मला सांगितलं का नाहीस? मी कोण तुझी? शेजारीण?"

"तुला सांगितलं असतं तर तू म्हणाली असतीस, मी ऐकतेय!"

"मग काय म्हणायला हवं होतं गं मी, भवाने?"

"हे! हे म्हणायला हवं होतं!"

साखरबाईचा आवाज फाटला. "मला भीती वाटतेय, ठमे. मला वर यायचंय आणि माझे पाय उचलत नाहीयेत. मी काय करू?"

आत पलंग करकरला. कडी निघाली. ठमी बाहेर आली, डबा तिने बुवाच्या हातात दिला आणि त्याच्याकडे न बघता अनवाणी जिना उतरली. आई पायरीवर कठड्याला मिठी मारून बसली होती. केस विस्कटलेले, तोंड लाल. ठमीने तिला अशी कधी पाहिलीच नव्हती. ती शेजारी बसली तशी साखरबाईने तिचा चेहरा दोन्ही हातांत धरला, जीभ दाखव म्हणाली, डोळे दाखव म्हणाली, पाठीत एक धपाटा घातला आणि तिला कवटाळून ओक्साबोक्शी रडली.

बुवा डबा पोटाशी धरून त्यांच्या शेजारून खाली गेला. साखरबाईने त्याचा हात पकडायला हात पुढे केला. "बुवा, मी मघाशी..."

"असू दे," तो म्हणाला. पण थांबला नाही. ॲम्ब्युलन्सवाल्यांना बोलवायला गेला, आणि खाली फाटकाशी त्याने बराच वेळ डोळे पुसले. याची माफी मागावी लागेल, साखरबाईच्या मनात आलं. आज नाही तर उद्या, त्याच्यासमोर उभं राहून मागावीच लागेल, आणि त्यासाठी कुठलाही आवाज कामाला येणार नव्हता.

गोळ्या घेतल्या नव्हत्या तरी डॉक्टरांना दाखवायला हवंच होतं, आणि एकदा दाखवून भागणार नव्हतं, हे दोघींनाही कळत होतं. ॲम्ब्युलन्समध्ये मायलेकी बाकावर शेजारीशेजारी बसल्या.

"काका म्हणत होते," ठमी हळूच म्हणाली, "तू ओकतेस. जीपमागे."

"हो."

"प्रत्येक वेळी?"

"प्रत्येक वेळी."

"मग मला का नाही सांगितलंस कधी?"

साखरबाईने तोंड उघडलं. गोड, समजूतदार असं काहीतरी जिभेवर आलंही. ते तिने बाजूला सारलं. "लाज वाटायची," ती बसलेल्या घशाने म्हणाली. "तुला आपली आई शूर वाटायची ना. ते जाईल म्हणून."

ठमीने तिच्याकडे पाहिलं. मी महिनोन्‌महिने गणवेश घालून बागेत बसले ते याच्याचसाठी, असं तिला म्हणायचं होतं. पण आईच्या तोंडावरून दिसत होतं की ते तिला कळलंय. गाडी खड्ड्यातून आदळत गेली. दोघींनी एकदमच बाकाची कड घट्ट धरली.