कमलअक्कांची गोधडी

लग्न होऊन निमोण्यात आले आणि पहिल्याच आठवड्यात मी हबकले. माझ्या थोरल्या जाऊबाई, कमलअक्का, गोधडी वाळत घालत होत्या. अहो, एवढी रुंद गोधडी मी जन्मात पाहिली नव्हती! दोरीवर मावेना म्हणून कुंपणावर पसरलेली. लेक झाली की अक्का कडेला एक पट्टा जोडायच्या आणि ती वाढली की आणखी एक. भाऊजी ओट्यावर खाटेवर झोपायचे, आणि अक्का तिन्ही लेकींना घेऊन त्या एका गोधडीत. मी विचारलं तर म्हणाल्या, "येगळं झोपाया त्या काय पाव्हण्या हायेत व्हय?"

बाई मोठी मायेची, पण पोरींच्या वेण्या, दप्तरं, मोबाईल, सगळ्यात हिचा हात. पोरगी आंघोळीला गेली तरी ही बाहेरून बोलत राहणार. कुणी दार लोटलं की "माझ्यापासनं काय लपवती गं?" हे ठरलेलं.

थोरली ऋतुजा आठवीत गेली आणि एका दुपारी माझ्याकडे येऊन रडली. तिला वेगळं झोपायचं होतं. नुसती कूस बदलली तरी आई उठून काय झालं विचारायची. "काकी, तुमीच सांगा. मी बोलले तर आई तुटंल," म्हणाली.

चहाच्या वेळी मी विषय काढला. वाटलं, आता घर डोक्यावर घेतील. अक्कांनी कप खाली ठेवला आणि हळूच विचारलं, "माझ्या अंगाचा वास येतो का गं तिला?" नाही हो, पोर मोठी झाली, एवढंच, असं मी कसंबसं म्हटलं. त्या रात्री अक्का जेवल्या नाहीत.

दुसऱ्या दिवशी बघते तर काय, बाई कात्री घेऊन गोधडीवर बसलेली! ऋतुजाचे पट्टे उसवत होती. मी ओरडलेच. मान वर न करता त्या म्हणाल्या, "वरडू नको. तिचं तिला देतीया." मग कांदा साठवायची खोली आम्ही दोघींनी ऋतुजासाठी रिकामी केली.

खरा धक्का पुढच्या सकाळी बसला. अक्का चहा घेऊन त्या खोलीपाशी गेल्या. आमच्या घरात आतलं दार कुणी कधी वाजवलं नव्हतं. अक्कांनी वाजवलं. "ऋतू, येऊ का?"

आतून आवाज आला, "थांब की आई."

आणि एवढी तोंडाळ बाई, चहावर साय धरेपर्यंत, एक शब्द न बोलता दाराबाहेर थांबली.