राहू दे, नेते सवडीनं

लग्न होऊन काळेवाडीच्या चाळीत आले आणि पहिल्याच महिन्यात मी एका बाईला चोर ठरवलं. मनातल्या मनात नव्हे. सकाळी नळावर, हंडे-कळश्या घेऊन उभ्या असलेल्या सगळ्या बायकांसमोर, खणखणीत आवाजात. आवाज तेव्हा फार चांगला होता माझा. अक्कल नंतर आली, तीही हप्त्याहप्त्यानं.

झालं असं. चहाची पूड मागायला मी तिच्या घरी गेले. ती मागे कपडे वाळत घालत होती. मी तिच्या मांडणीसमोर एकटी. आता तुम्हीही बायामाणसांत वाढला असाल तर तुम्हाला माहीत आहे, स्टीलचं भांडं हातात आलं की आपण ते पालथं करतो. कुणाचं नाव घातलंय, कुणी दिलंय, लग्नातलं की बारशातलं. मीही एक पातेली पालथी केली. नाव दुसरीचंच. वाटी पालथी केली, नाव तिसरीचं. परातीवर तर कुणाच्या तरी आजोबांच्या स्मरणार्थ! तिच्या स्वतःच्या नावाचं एक भांडं नाही. मी पूड न घेताच घरी पळाले.

नळावर माझं भाषण संपलं तेव्हा रांगेच्या शेवटी कुणीतरी हसलं. तीच होती. कंबरेवर कळशी, डोक्यावरून पदर.

"चोरच हाय मी," ती म्हणाली. "पर माल कुठं ठेवते ते बी सांग की. जा, तुझी मांडणी बघून ये."

घरी येऊन बघितलं. माझ्या मांडणीवर तिच्या नावाची दोन पातेली, एक खोलगट वाटी आणि एक झारा. आल्या दिवसापासून ती मला पिठलं, शेंगदाण्याची चटणी, धपाटे आणून देत होती. मी खात होते, भांडी घासून ठेवत होते, आणि एकदाही पालथी करून बघितली नव्हती. फुकटचं खाताना कोण नाव वाचतं?

तिचं नाव मी इथे लिहीत नाही. भांड्यांवर पुष्कळ लिहिलेलं आहे.

ती मूळची लातूरकडची. नवरा पिंपरीच्या एका कंपनीत, तीन शिफ्टमध्ये. भांडं आपल्या ओट्यावर ठेवायची, हात पदराला पुसायची, आणि आपण "थांबा, रिकामं करून देते" म्हणेपर्यंत दारातून बाहेर. जाता जाता एकच वाक्य: "राहू दे, नेते सवडीनं."

ती सवड तिला कधीच मिळाली नाही. मग भांडं परत करायला आपणच जायचं, आणि रिकामं भांडं कसं न्यायचं? त्यात काहीतरी घालायचं, वर आपली एखादी ताटली-वाटी झाकायची. ते तिनं दुसऱ्याच भांड्यात काढून घ्यायचं आणि आपलं भांडं भलतीकडेच पाठवायचं. अशी आमच्या चाळीतली भांडी फिरत असायची. कोल्हापूरची, बीडची, मालवणची, कधी एकमेकांचं बोलणं न कळणारी माणसं त्या भांड्यांमागून एकमेकांच्या घरात शिरली. मला तर वाटतं, ती मुद्दामच पाठवायची. विचारलं तर म्हणायची, "मला कामून पुसतीस? मी अडाणी बाई, कुणाचं कुटलं हे मला कुटं कळतंय!"

कळत नव्हतं म्हणे! माझ्या लग्नातल्या ताटल्यांवर नाव घालणाऱ्यानं 'सुमन'मधला उकार खाल्ला होता. सहाच्या सहा ताटल्यांवर 'समन'. ती मी चार महिने लपवून ठेवलेली नामुष्की. हिनं पहिली ताटली हातात घेतली, पालथी केली, आणि ओरडली, "समन? कोर्टातून आलीस का काय गं?" त्या दिवसापासून मी सगळ्या चाळीची समन. माझे यजमानसुद्धा रागावले की तसंच म्हणायचे.

मग काही वर्षांनी यजमानांच्या कंपनीला टाळं लागलं. कधी उघडेल सांगता येईना. मी तेव्हा फार मानी होते, म्हणजे मूर्ख. कुणी विचारलं की सांगायचे, "आमच्याकडे सगळं आहे हो," आणि दार लावून पोरांना पातळ भात वाढायचे. एका सकाळी ती कढईभर उसळ घेऊन आली.

"तुझी कढई लई दिस माझ्याकडं पडली व्हती. घे बाई, माझ्या डोक्याचा ताप."

दुसऱ्या दिवशी मालवणची शेजारीण आली, "तुमचा टोप राहिलेला." मग तिसरी. रोज कुणी ना कुणी माझं भांडं परत करत होती, आणि रिकामं कसं करायचं, म्हणून भरून. मी बापडी खूश. मागितलं नाही, कुणी दिलं नाही, आपलीच भांडी परत आली! टाळं निघाल्यावर एक दिवस सहज ती कढई पालथी केली. नाव माझं नव्हतं. टोपावरचंही नव्हतं. एवढी कढई तर आमच्या सात पिढ्यांत कुणाकडे नव्हती.

चाळ पडली त्यालाही आता वर्षं झाली. यजमान गेले. मी मोशीला मुलाच्या फ्लॅटमध्ये, अकराव्या मजल्यावर. ती चाकणला, मुलाच्या कंपनीजवळ दोन खोल्यांत. तरी भांडी चालूच होती. तिचा मुलगा इकडे आला की पिशवी आणायचा, मी आठ-पंधरा दिवसांनी बसनं परत करायला जायचे. समोरच्या फ्लॅटमधली पोरगी चांगली आहे, परवा बिर्याणी दिली. पण प्लॅस्टिकच्या डब्यात. वर म्हणाली, "डबा परत नको काकू, यूज अँड थ्रो आहे." आता तिच्या दारात मी कोणत्या तोंडानं जाऊ?

आणि मग गेल्या दिवाळीनंतर तिचा मुलगा एक मोठी पिशवी ठेवून गेला. घाईत होता, पाणीही प्यायला नाही. मी पिशवी उपसली. माझी पातेली, माझा चहाचा डबा, दोन पेले, जिच्यासाठी मी सुनेवर संशय घेतला होता ती किसणी. सगळं लखलखीत घासलेलं. आणि रिकामं.

मी गॅलरीत गेले. आत आले. पुन्हा पिशवीत हात घालून पाहिला, चिमूटभर साखर तरी, एखादी वडी तरी. तिनं जन्मात रिकामं भांडं पाठवलं नव्हतं. फोन लावला तर उचलेना. सून म्हणाली, "आई, बसा ना जरा." बसवेना. दुसऱ्या दिवशी चाकणची बस धरली. चौकात नेहमीप्रमाणे ट्रेलर अडकलेले. मी ड्रायव्हरला तीनदा विचारलं, "अहो, निघणार का?" तिसऱ्यांदा तो म्हणाला, "मावशी, तुम्ही उतरून ढकलता का?"

ती धडधाकट होती. खोलीत पोती, खोकी, दोऱ्या. मुलाची बदली तिकडे तामिळनाडूत, होसूरला झाली होती.

"परमुलखात लोकांची भांडी कुटं वागवू?" ती दोरीची गाठ मारत म्हणाली. "तितं मेले बिले, तर सून तुझी पातेली भंगारात घालंल. त्यापरीस ज्याचं त्याला गेलेलं बरं."

"रिकामी पाठवलीस."

ती गाठच ओढत राहिली. "भरून पाठवली असती, तर तू परत करायला आली असतीस. मी हितं नसते."

"मग आता मी कशाच्या निमित्तानं भेटू तुला?"

"दोघीबी म्हाताऱ्या झालो, समन. कसलं निमित्त अन् कसलं काय. ते खोकं धर जरा."

मी खोकं धरलं. त्यात सगळ्यात वर तिचा मिसळणाचा डबा होता, रोजच्या फोडणीचा. ती चहा ठेवायला वळली. मी इकडे तिकडे पाहिलं, झाकण काढलं, पिशवीत घातलं आणि खोक्यावर वर्तमानपत्र दाबलं. नळावर जिला चोर म्हणाले तिच्या घरात, या वयात, मी चोरी केली. काम मात्र सफाईचं झालं. परतताना बसभर माझ्या पिशवीला हळद-जिऱ्याचा वास येत होता.

मग काही दिवस मला घर खायला उठलं. फोन वाजला की धावायचे, बँकवाले निघायचे. झाकण पालथं करून तिचं नाव वाचायचे, पुन्हा ठेवायचे. तिला कळलंच नसेल तर? कळून नवं घेतलं असेल तर? होसूरला काय झाकणं मिळत नाहीत? स्टीलच्या दुकानात गेलं की संपलं. वाटायचं, आपणच फोन करून कबूल करावं. पण चोरानं आपण होऊन सांगितलं, तर त्यात राम काय राहिला?

एका दुपारी तिच्या सुनेच्या मोबाईलवरून फोन आला. मी 'हॅलो' म्हणायच्या आतच तिचा आवाज:

"चोरटे, झाकण तुझ्याकडं हाय, मला ठावं हाय. हितं डब्यावर ताटली झाकून भागवायलेय मी. आज घासताना पालथी केली, तर त्यावर 'समन'. ती माझ्याकडंच ऱ्हायली बघ. आता तू झाकण देऊ नको, मी ताटली देत नसते."