थर्झाची सवत

थर्झा प्रॅग्नेलला सवत होती, आणि साउथॅम्प्टन बंदराला लागून असलेल्या नॉर्थम वस्तीत ही गोष्ट कोणी लपवून ठेवत नसे. सवत चार धुराड्यांची होती. त्यातलं चौथं धुराडं नुसतं शोभेचं. त्यातून कधी धूर निघाला नाही. बाईमाणसानं नाकात चमकी घालावी तसं ते तिनं घातलेलं होतं. ती साउथॅम्प्टनहून न्यूयॉर्कला जाऊन परत येईपर्यंत थर्झाचा नवरा एलाय तिच्या पोटातल्या भट्ट्यांत कोळसा सारत असे. बोटीचं नाव कॉर्विनिया. वर्तमानपत्रं तिला समुद्राची सम्राज्ञी म्हणत. थर्झा तिला नुसतं ‘ती’ म्हणे. ‘ती आली का?’ ‘ती कधी निघतेय?’ नव्या माणसाला वाटावं, ही बाई नवऱ्याचं लफडं फारच समजूतदारपणे घेते आहे.

दोघी एकाच वर्षी आल्या, १९०७ साली. थर्झा वसंतात लग्न होऊन न्यू फॉरेस्टकडच्या खेड्यातून आली, ‘ती’ शरद ऋतूत उत्तरेच्या गोदीतून आली. तिला पाण्यात सोडण्याच्या समारंभाचा किस्सा एलायनं बायकोला मोठ्या कौतुकानं सांगितला होता. बाटली फुटली, बँड वाजला, टोप्या उडाल्या, आणि बाई जागच्या हलेनात. शेवटी पाहुणे कंटाळून चहाला गेले. चहा ऐन रंगात आला असताना, कोणी हातही न लावता, बाई आपल्या आपण घसरून पाण्यात गेल्या.

“मग ढकललं कोणी?” थर्झानं विचारलं.

“कोणीच नाही. स्वतःच गेली.”

“न सांगता जाणारी बाई चांगली नसते.”

“आणि सांगून जाणारी?”

“ती माहेरी जाते. तुझी हीच लक्षणं राहिली तर बघशील.”

एलाय पोट धरून हसला. थर्झा हसली नाही. बोटीचा भोंगा वाजला की तिच्या फळीवरच्या बशा एकमेकींना लागून किणकिणत. ते किणकिणणं तिला पहिल्या दिवसापासून आवडलं नव्हतं.

बोटीवर नवरे पाठवणाऱ्या गल्लीचे काही नियम होते. गल्ली चॅपलमध्ये जात असे, प्रवचनाला मान डोलवत असे, पण पाळायची वेळ आली की आपलेच नियम पाळत असे. बोट निघायच्या दिवशी घरात कपडा धुवायचा नाही. धुतला तर माणूस वाहून जातो. बोट दिसेनाशी होईपर्यंत बघत राहायचं नाही. आणि सगळ्यांत मोठा नियम हाकेचा. माणसानं उंबरठा ओलांडला की त्याला मागून हाक मारायची नाही, आणि त्यानंही मान वळवायची नाही. हाक गेलीच, तर त्यानं मुकाट्यानं घरात यायचं, टोपी खुंटीला लावायची आणि त्या खेपेला बोटीचं नाव काढायचं नाही.

शेजारचे मिस्टर बंडी एकदा दात विसरून निघाले होते. मिसेस बंडींच्या तोंडून हाक निसटली. मिस्टर बंडी परत आले, दात लावले आणि बोट परत येईपर्यंत घरी बसून राहिले. तेवढे दिवस गल्ली त्यांना ‘कप्तान’ म्हणत होती. हा झाला हाक ऐकणारा. पलीकडच्या सॅम डोस्वेलला बायकोनं तंबाखूच्या डबीसाठी हाक मारली. तो हसला, म्हणाला, “ठेव, आल्यावर ओढीन,” आणि चालू लागला. त्याच खेपेला कोळशाच्या कोठारातला ढीग त्याच्यावर घसरला. डबी बरीच वर्षं त्या घराच्या खिडकीत होती. ती कोणी उघडली नाही आणि कोणी फेकलीही नाही.

तर नॉर्थमच्या प्रत्येक बाईच्या गळ्यात अशी एक हाक असे. ती मारायची नसते हे तिला माहीत असे, आणि ती आपल्याजवळ आहे हेही. थर्झानं आपली हाक नीट सांभाळून ठेवली होती, चांगला टेबलक्लॉथ ठेवावा तशी.

सवतीनं मात्र काही सांभाळलं नाही. तिनं एलायला थोडा थोडा न्यायला सुरुवात केली. पहिल्याच वर्षी भट्टीचं दार उघडताना भुवया गेल्या, त्या पुन्हा धड आल्याच नाहीत. त्यामुळे एलायच्या चेहऱ्यावर कायमचं आश्चर्य बसलं. प्रवचन ऐकताना तो असा दिसे, की पाद्रीबुवांना वाटे आपण काहीतरी नवीन बोललो. मग करंगळीचं पेर गेलं. मग लढाई आली.

लढाईत कॉर्विनियाला काळे-पांढरे तिरके पट्टे रंगवले, पाणबुड्यांना ती कुठल्या बाजूनं चालली आहे ते कळू नये म्हणून. “मला तरी कुठं कळतंय,” थर्झा म्हणाली. कॉर्विनिया फौज नेऊ लागली. एकदा धुक्यात आपल्याच एका लहान गस्ती बोटीला कापून ती आरपार गेली. थांबायचं नाही असा हुकूम होता. ती थांबली नाही. एलायला खाली भट्टीपाशी नुसता एक धक्का कळला. पाट्यावर वरवंट्याखाली खडा यावा, तेवढाच. फावडं क्षणभर अडखळलं आणि पुन्हा चालू लागलं.

त्या खेपेहून तो आला तेव्हा डाव्या कानानं ऐकू येईनासं झालं होतं. डॉक्टर म्हणाले बॉयलरच्या आवाजानं. तेव्हापासून थर्झा जेवताना त्याच्या उजव्या हाताला बसू लागली. डाव्या बाजूनं बोललेलं त्याला अर्धवट पोचे. कधी कोणी न बोलताही त्याला काहीतरी ऐकू येई आणि तो “काय म्हणालीस?” विचारी.

“काही नाही म्हणाले.”

“नक्की?”

“म्हणायचं असतं तर या बाजूनं म्हटलं असतं. इतकी वर्षं काय बोलले ते या बाजूनं तरी कुठं ऐकलंस?”

लढाई संपल्यावर कोळसा गेला, तेल आलं. भट्टीवाल्यांची अख्खी पलटण घरी बसली. थर्झाला वाटलं, सुटलो. पण मोजकी माणसं ठेवली त्यात एलाय होता. भट्टीवाल्यांचा मुकादम जेबेझ ओकफर्ड त्याच्यावर खूश होता. तो म्हणाला, बॉयलर नंबर सहा एलायशिवाय कोणाचं ऐकत नाही. एलाय हे अभिमानानं घरी सांगत आला. थर्झानं तव्यावरचा मासा उलटला आणि म्हणाली, “तिला विचारलंस का, की तुला सोडायचा तिचा काही बेत आहे का म्हणून?”

बेत नव्हताच. आणखी चौदा वर्षं गेली, आणि एलायच्या छातीत घुरघुर सुरू झाली. तो जिना चढला की थर्झाला वाटे, घरात कोणीतरी किटली ठेवून विसरलं आहे.

१९३५ साली कंपनीनं कॉर्विनिया मोडीत काढली. आधी गोदीतच तिच्या सामानाचा लिलाव झाला. नॉर्थमच्या माणसांनी इतकी वर्षं तिच्यावर काम केलं होतं, आता तीच माणसं तिचे तुकडे घरी नेऊ लागली. मिसेस बंडींनी पहिल्या वर्गाच्या न्हाणीघराचं महॉगनीचं दार घेतलं आणि ते परसातल्या संडासाला बसवलं. दारावर पितळेची चकती होती. आतून कडी लावली की तिच्यावर ‘आत माणूस आहे’ अशी अक्षरं येत. मिसेस बंडी लोकांना बोलावून बोलावून संडास दाखवत.

एलायनं काही घेतलं नाही. पण लिलावाच्या दिवशी, सत्तावीस वर्षांत पहिल्यांदा, तो बोटीच्या वरच्या मजल्यांवर गेला. भट्टीवाल्यांना तिथं जायची बंदीच असे. रविवारचे बूट घालून तो गालिच्यांवरून फिरला, काचेच्या घुमटाखाली उभा राहिला, आणि वाट चुकला. आपल्याच बोटीवर वाट चुकलेल्या भट्टीवाल्याला शेवटी लिलाववाल्याच्या कारकुनानं जिन्यापर्यंत आणून सोडलं.

घरी आला तेव्हा चेहरा राखेसारखा झाला होता.

“काय रे?”

“काही नाही. तिचं तोंड बघितलं आज.” त्यानं बूट काढले. “इतकी वर्षं नुसते पाय चेपत होतो. तोंड बघितलं ते आज, मेल्यावर नटवून ठेवलेलं.”

“झालं ना बघून? आता पुरे.”

“जेबेझ म्हणतो, स्कॉटलंडला मोडायला न्यायची आहे. स्वतःच्या वाफेवर जाणार. थोडी माणसं हवीत. नंबर सहा पेटवायला मी लागेन.”

“तू नाही जायचंस.”

“अगं, चार दिवसांचं काम. प्रवासी नाहीत, काही नाही. तिला पोचवून येतो.”

‘पोचवून’ म्हणाला, आणि थर्झाच्या फळीवरच्या बशा किणकिणल्या. भोंगा वाजला नव्हता. एलाय दचकून म्हणाला, “काय म्हणालीस?”

“काही नाही म्हणाले,” थर्झा म्हणाली.

पुढच्या आठवडाभरात ती सगळं म्हणून चुकली. रडून सांगितलं, रागावून सांगितलं, छातीला अळशीचं पोटीस बांधता बांधता सांगितलं. एलाय मान डोलवी आणि त्याच्या त्या भुवयांवाचूनच्या चेहऱ्यावर आश्चर्य तेवढं दिसे. शेवटी एकच गोष्ट उरली: हाक.

निघायच्या दिवशी सकाळी मिसेस बंडी कुंपणापाशी आल्या. त्यांच्या संडासाची चकती रात्रीपासून अडकली होती. आत कोणी नव्हतं, दार उघडं होतं, तरी ‘आत माणूस आहे’ हे काही जाईना.

“तेल घाला,” थर्झा म्हणाली.

“घातलं. हलत नाही. मिस्टर बंडी बाहेर उभे आहेत. म्हणतात, आत कोणी आहे असं लिहिलं असताना मी कसा जाऊ?” मग आवाज उतरवून त्या म्हणाल्या, “थर्झा, तुझा विचार मला दिसतोय. मारू नकोस.”

“तुमचे परत आले की.”

“माझे आले. सॅम नाही आला. हाक गेली आणि माणूस नाही फिरला, तर त्याचं काय होतं ते त्या डबीला विचार. आणि तुझ्याचा कान तो असला. ऐकू आलीच नाही तर? हाक गेलेली असेल, आणि तो तसाच पुढं गेलेला असेल.”

हे थर्झाच्या मनात आलं नव्हतं. आता आलं, ते तिथंच बसलं.

एलायनं पावाला चरबी फासून खाल्ली, चहा प्याला, कापडी पिशवी खांद्याला लावली आणि तिच्या गालाला ओठ लावले. खरबरीत, नेहमीसारखे. मग उंबरठा ओलांडला. थर्झा दारात उभी राहिली. आभाळ खाली आलं होतं. गोदीकडून भोंगा झाला. जुन्यापेक्षा बारीक, म्हाताऱ्या बाईनं घसा खाकरावा तसा.

एलाय चालत गेला. चॅपलच्या कोपऱ्यापाशी तो थांबला.

तो वळला नाही. पिशवी खांद्यावर, पाठ तिच्याकडे, मान किंचित एका बाजूला. असा तो कधीच थांबला नव्हता. दुसरं कोणी रस्त्यावर नव्हतं. थर्झाच्या गळ्यापर्यंत त्याचं नाव आलं. शेजारच्या दारात मिसेस बंडींनी स्वतःच्या तोंडावर हात दाबून धरला होता आणि डोळ्यांनी ‘नको नको’ म्हणत होत्या. थर्झानं दाराची चौकट धरली. तो उभा होता. ती उभी होती. तिनं नाव गिळलं, औषध गिळावं तसं, त्याच्याच भल्यासाठी.

मग एलायनं पिशवी सारखी केली आणि कोपऱ्याआड गेला.

त्या दिवशी तिनं कपडा धुतला नाही, बोट जाताना बघितली नाही, सगळं नियमानं केलं. दक्षिणेकडून वारा सुटला, वादळ होणार असं सगळे म्हणत होते, पण वादळ झालं नाही. कॉर्विनिया तळ्यातल्या बदकासारखी उत्तरेला गेली. ती धडधाकट पोचल्याचं संध्याकाळच्या वर्तमानपत्रात आलं, तेव्हा मिसेस बंडी धावत सांगायला आल्या. “बघ, मी काय म्हणत होते,” त्या म्हणाल्या. थर्झानं धुरावलेले दोन मासे आणून ठेवले आणि दुसऱ्या दिवशी स्टेशनावर गेली.

माणसं उतरली. हसत, प्यालेली, प्रत्येकाच्या हातात बोटीवरून काढलेलं काहीतरी पितळी. शेवटी जेबेझ ओकफर्ड उतरला. तो प्यालेला नव्हता, आणि त्याच्या खांद्यावर दोन पिशव्या होत्या.

“मिसेस प्रॅग्नेल,” तो म्हणाला आणि टोपी काढली. मग मागच्या, सामानाच्या डब्याकडे बघितलं.

“बुडाला का?”

“नाही हो. बोट किनाऱ्याला लागली होती. काम संपलं होतं. भट्ट्या विझवल्या, सगळे वर आले. हा म्हणाला, मी येतो, जरा बसतो. नंबर सहापाशी बादली पालथी घालून बसला. हात बॉयलरच्या पत्र्यावर. पत्रा गार होईपर्यंत बसून होता. मी बोलवायला गेलो तेव्हा दोघेही गार होते.”

जेबेझला गप्प बसवेना. जाडजूड माणूस, त्यानं टोपी पिळून पिळून तिची चिंधी केली.

“वाटेत म्हणत होता, या खेपेला यायचं मनात नव्हतं. चॅपलपाशी तुम्ही हाक मारलीत असं वाटलं त्याला. मागं वळून तर बघायचं नसतं. आणि कान तो तसला. तर म्हणाला, उभा राहिलो, म्हटलं खरंच मारली असेल तर पुन्हा मारेल. पुन्हा काही आली नाही.” जेबेझनं नाक पुसलं. “मग म्हणाला, मलाच वाटलं असेल.”

एलायला नॉर्थमच्या माणसांनी नीट पुरलं. सवतीला तिकडे तोडायला दोन वर्षं लागली. मिसेस बंडींच्या दारावरची चकती पुढं केव्हातरी आपोआप सुटली, पण मिस्टर बंडी अजून आत जाण्यापूर्वी खोकतात.

थर्झा त्याच घरात राहते. बोट निघायच्या दिवशी ती दारात उभी असते. कोणी खलाशी पिशवी घेऊन चॅपलच्या कोपऱ्यावर जरा रेंगाळला, विडी पेटवायला थांबला, बुटाची नाडी बांधायला वाकला, तर ती त्याला हाक मारते. ज्याचं जे नाव असेल त्या नावानं, खणखणीत, आणि एकदा नव्हे, दोनदा.

आता गोदीकडे जाणारे खलाशी त्या गल्लीतून जात नाहीत. गॅसच्या कारखान्याकडून वळसा घालून जातात.