देवयानीची हद्द

तिकोणा पेठेत माझ्या तंबूंवर पर्यटकांना आकाश दाखवायला एक आबा येतात. आयुष्यभर जमीनमोजणी केल्याने ते कृत्तिकांचा तारकागुच्छही चतुःसीमेसह सांगतात: पूर्वेला रोहिणी, उत्तरेला ययाती. देवयानी दीर्घिका त्यांना प्रथम शेजाऱ्याच्या शेतावर सापडली, म्हणून ती त्याचीच, हा त्यांचा निकाल. ती बघायला माझी गिऱ्हाइकं बांध ओलांडून जातात आणि जेवतातही तिकडेच.

परवा देवयानी सरकत माझ्या शेतावर आली. मी ओरडलो, "आबा, बघा! आता कुणाच्या डोक्यावर हाय?"

त्यांनी शांतपणे दुर्बिणीला डोळा लावला. "तुमच्याच. पण शेठ, ह्याला अतिक्रमण म्हनत्यात. शेजाऱ्याची संमती आणा, मंग दाखवतो."

शेजारी निम्मी देवयानी द्यायला तयार आहे. मी पाऊण मागतोय, आणि आबा मोजणीची साखळी घेऊन बांधावर बसलेत.