फळीवरचे पेले

मित्रांनो, दुपारपासून कामात मन लागंना.

मी लातूरला घरी बसून एकटाच भुताचे गेम बनवतो, हे तुम्हाला माहीतच हाय. त्र्याण्णवच्या भूकंपापासून आमची आई फळीवर स्टीलचे पेले एकावर एक रचून ठेवते. जमीन हलली की ते पडतील आणि आपण जागे होऊ, म्हणून. ते पडतानाचा आवाज मी रेकॉर्ड करून गेममध्ये घातला. खेळणारे सगळे तिथंच दचकतात.

आज हेडफोनची पिन निसटली आणि तो आवाज स्पीकरवर मोठ्यानं वाजला.

आई पिठाच्या हातानं धावत आली, दंड धरून मला अंगणात ओढलं. वर भाड्यानं राहणाऱ्या क्लासच्या पोरींना ओरडली, "लेकरांनो, पळा, खाली या!" त्या बिचाऱ्या अनवाणी उतरल्या.

मी म्हणलं, "आई, गेममधला आवाज हाय तो."

तिनं वाकून जमिनीला हात लावून बघितला. मग म्हणाली, "लोकं हौसेनं भितेत व्हय रे?"

मी आत जाऊन बघितलं. पेले फळीवर जसेच्या तसे होते. तरी आज ती अंगणातच झोपणार म्हणते.

तो आवाज काढला तर गेममध्ये भ्यायसारखं काहीच उरत न्हाई. पण ती भीती माझी कुठं होती?

तुमच्या घरी अजून कोण पेले रचून ठेवतं?