मरळ, बांगडा आणि डायॉक्सी

मालवणच्या एसटी स्टँडवर कोल्हापूरच्या गाडीत आधी पिशवी चढली आणि मग आई. पिशवीत सुके बांगडे होते, गोलमो म्हणजे वाळवलेली बारीक कोळंबी होती, आमसुलं होती आणि एका डब्यात तिरफळं. कंडक्टरने नाक आकसलं, तशी आई त्याला म्हणाली, "वास येता तर खिडकी उघड. मी काय विमानात बसलंय?" खाली शेजारच्या सुलूमावशी उभ्या होत्या. आमच्या घराची चावी त्यांच्या कमरेला होती. "गो, कधी परत येतलंस?" त्यांनी विचारलं. "समुद्र उघडलो की," आई म्हणाली.

समुद्र बंद म्हणजे पावसाळ्यातली मासेमारीबंदी. बाबा गेल्यानंतरचा तो पहिला पावसाळा होता. बाबा होडीवर जायचे आणि त्यांनी आणलेला मासा आई बाजारात बसून विकायची. बाबांबरोबर होडी गेली, मग आईच्या गुडघ्याने दगा दिला आणि बाजारातली तिची जागाही सुटली. एकदा ती न्हाणीत पडली आणि सुलूमावशी येईपर्यंत तशीच पडून राहिली. हे मला हैदराबादला फोनवर कळलं, तेही दुसऱ्या दिवशी. त्या फोननंतर मी ठरवलं की तिला कायमचं माझ्याकडे आणायचं. तिला हे न सांगताच कळलं होतं, म्हणून तर तिने समुद्राची अट घातली. तेव्हा आम्ही दोघी गाडीत शेजारी बसलो होतो, पण माझ्या लेखी ती कायमची निघाली होती आणि तिच्या लेखी पावसाळ्यापुरती.

ज्या मालवणकरांनी मला नंतर विचारलं की "आवशीक थंय गमला कसा?", म्हणजे आईला तिथे करमलं कसं, त्यांच्यासाठी आणि माझ्यासारखे जे आई-बापांना शहरात आणून मग हात चोळत बसले आहेत, त्यांच्यासाठी हे लिहिते आहे. उत्तर जरा आडवळणाने येईल. वाटेत एक अवघड शब्द लागतो.

तो शब्द डायॉक्सी. मी एन्झाइम बनवणाऱ्या कंपनीत काम करते. शाळेच्या पुस्तकात एन्झाइमला विकर म्हणायचे. पेशीला एखादी वस्तू पचवायची तर त्या वस्तूचं स्वतःचं विकर लागतं. आता आतड्यातल्या एका साध्या जिवाणूला फ्लास्कमध्ये दोन साखरा एकत्र द्या, ग्लुकोज आणि दुधातली लॅक्टोज. तो दोन्ही मिसळून खात नाही. आधी ग्लुकोज फस्त करतो आणि भराभर वाढतो. ती संपली की लॅक्टोज समोर असूनही वाढ थांबते. काही वेळाने पुन्हा सुरू होते, या वेळी लॅक्टोजवर. आलेख काढला तर दोन चढ दिसतात आणि मधे एक सपाट पट्टी. या दोनदा वाढण्याला डायॉक्सी म्हणतात. शब्द ग्रीकमधून आला आहे. आमच्या लॅबमध्ये येणारी नवीन मुलं त्याला डायऑक्साइडचा भाऊ समजतात.

मला पहिल्यापासून चढांपेक्षा त्या सपाट पट्टीचंच कुतूहल. पुढ्यात अन्न आहे आणि हा पठ्ठ्या खात नाही, म्हणजे करतो तरी काय? तर तो नव्या साखरेचं विकर तयार करत असतो. बाहेरून सगळं थंड दिसतं आणि आत भट्टी पेटलेली असते. पण हा शब्द जपून वापरावा लागतो. रेघ सपाट झाली की डायॉक्सी म्हणून मोकळं होता येत नाही. कधी फ्लास्कमध्ये दुसरी साखरच नसते आणि जिवाणू नुसते उपासमारीने थांबलेले असतात. कधी साखर असते, पण काही पेशी तिच्याकडे वळतच नाहीत. आणि पंचाईत अशी की सुरुवातीला या सगळ्या रेघा एकसारख्याच दिसतात. आमच्या लॅबच्या प्रमुख बाईंचा म्हणून एक नियम आहे: सपाट रेघ बघून फ्लास्क फेकायचा नाही, वाट बघायची.

तर आई आली. सुरुवातीला सगळं झकास होतं. पावसाळ्यात गावीही आम्ही सुकंच खातो, त्यामुळे पिशवीतल्या मालावर ती खुशीत होती. बांगडा भाजला की आमच्या मजल्यावरची दारं पटापट बंद व्हायची, त्याचीही तिला मजा वाटायची. "ह्यांका चांगल्याची सवय नाय," ती म्हणायची. मग पिशवी रिकामी झाली.

मी सुपरमार्केटमधून बर्फातला बांगडा आणला. तिने त्याच्या डोळ्यांत डोळे घालून पाहिलं आणि म्हणाली, "ह्येचा वर्षश्राद्ध कधी आसा?" मी रोहू आणला. तिने तो बांगड्यासारखाच शिजवला, तिरफळं घालून, तिकला म्हणजे दाटसर तिखट कालवण करून. पहिल्या घासाला बारीक काटा लागला, दुसऱ्या घासाला तिने ताट सारलं. "चिखल लागता गो. हो मासो न्हय, ही शेतातली माती." किनाऱ्यावरच्या माणसाला गोड्या पाण्यातला मासा हा मासा वाटतच नाही, हे मला ठाऊक होतं. मलाही आल्या आल्या वाटला नव्हता.

त्यानंतर ती पेज आणि लोणच्यावर आली. मी केलेली भाजी शिष्टाचार म्हणून चाखायची. बाल्कनीत बसून समोरच्या इमारतीवरच्या पाण्याच्या टाकीकडे बघत राहायची. ब्लाउज खांद्यावरून उतरायला लागले. डॉक्टरांनी सगळं तपासलं, कुठेच काही सापडलं नाही. जी बाई मालवणच्या बाजारात दहा गिऱ्हाइकांशी एकदम भांडायची, ती दिवसभरात मोजकी वाक्यं बोलायला लागली. मी घाबरले. फोनवर परतीच्या गाड्या बघायचे आणि फोन उलटा करून ठेवायचे. घरी पाठवली तर तिथे पुन्हा एकटी पडेल, इथे ठेवली तर माझ्या डोळ्यांदेखत झिजेल. लॅबमध्ये सपाट रेघांची मी कारणं सांगू शकते. घरात मला एकच गोष्ट कळत नव्हती, की ही थांबली आहे की संपत चालली आहे.

एकदा तिला मी डायॉक्सी समजावून सांगितली. तेवढीच करमणूक होईल असं वाटलं. तिने नीट ऐकून घेतलं आणि म्हणाली, "तुझे जंतू साखर खातत. मी माणूस आसंय." विषय संपला.

मी गावाहून पहिल्यांदा निघाले तेव्हा बाबांनी मला उपदेश असा एकच केला होता: "खंयय गेलंस तरी आधी थंयचो बाजार बघ." मी तो तेव्हा कानाआड केला आणि कँटीनमध्ये जेवत राहिले. श्रावण लागायला आला होता. एका मंगळवारी मी पिशवी घेऊन निघाले तेव्हा आईला ते आठवलं असावं, कारण ती अचानक चपला घालून दारात उभी. "बाजार बघूक येतंय. खाऊक न्हय," तिने आधीच बजावलं.

आमच्या भागातल्या मासळीबाजारात दर मंगळवारी लक्ष्मम्मा नावाची एक बाई बसते. तिच्यापुढे पाण्याची पसरट घमेली असतात. आई तिच्यासमोर थांबली. एका घमेल्यात काळपट, सापाच्या तोंडाचे लांबट मासे निपचित पडले होते. आपण त्यांना मरळ म्हणतो, तिथे कोर्रमीनु. आईने पदर खोचला, वाकली आणि जन्मभराच्या सवयीने एका माशाचा कल्ला बोटाने उचलून आत रंग बघायला गेली. कल्ला लाल म्हणजे मासा ताजा, हे तर आमच्याकडे शेंबड्या पोरालाही माहीत असतं. माशाने उसळी मारली, शेपटीची एक सणसणीत तिच्या मनगटावर बसली आणि तो घमेल्यातून थेट रस्त्यावर!

"मेल्यान माका थापट मारल्यान!" आई ओरडली. पण ओरडता ओरडताच ती दुखऱ्या गुडघ्यासकट खाली बसली होती आणि एका झडपेत तिने त्याची मान पकडली होती. लक्ष्मम्मा पोट धरून हसत होती. "जिंदा है अम्मा! जिंदा है!" आणि मग आई हसायला लागली. हातात वळवळणारा मासा, डोळ्यांतून पाणी, आणि हसणं थांबेना. समुद्राचा मासा बाजारात येतो तो मेलेलाच. "जल्मभर मासे विकलंय गो," ती मला म्हणाली, "पण जितो मासो कोणाक दिलंय नाय." मला इतका आनंद झाला की मीही भर बाजारात रडले, हे कबूल करायला मला लाज नाही.

मासा घेतला नसता तर बाजाराचा अपमान झाला असता. पुढचा तास दोघी बायका खुणांच्या भाषेत बोलल्या. आईला तेलुगू येत नाही, लक्ष्मम्माला मालवणी येत नाही आणि हिंदी दोघींची सारखीच मोडकी. तरी आईला कळलं की आधी जाड मीठ आणि हळद चोळून मासा खसखसून धुवायचा, आमसुलाऐवजी चिंच आणि फोडणीत मेथी. घरी येऊन तिने हे सगळं केलं आणि वर आपलं ओलं खोबरं वाटून घातलं, कारण दुसऱ्याचं सगळंच ऐकलं तर ती आई कसली. चव ना मालवणची होती, ना तिथली. तिने मुकाट्याने ताट संपवलं आणि मग कुकरचं झाकण उघडून स्वतःच परत भात घेतला.

नारळी पौर्णिमा आली, समुद्र उघडला आणि आई ठरल्याप्रमाणे परत निघाली. मी तिला पोचवायला गेले. पहिल्याच दुपारी ताज्या बांगड्याचं सार. आईने काटे न बघता खाल्लं. मी मात्र रोहूच्या बारीक काट्यांच्या सवयीने तुकडा बोटांनी चाचपत, उजेडाकडे धरून. आई बघत होती. "तू हळू खाऊक लागलंस गो," ती म्हणाली. मला ते फार लागलं. ज्या घरात वाढले तिथे जेवताना मला आता थांबावं लागत होतं.

हैदराबादला मी एकटीच परतले. डायॉक्सीचा पुढचा भाग आई ऐकायला तयार नव्हती म्हणून तिला सांगितला नव्हता. पहिली साखर पुन्हा मिळाली की पेशी दुसरीचं विकर बनवायचं बंद करते. आधी बनवलेलं लगेच नाहीसं होत नाही, पण पेशी विभागत जातात तसं ते वाटलं जातं आणि विरळ होत होत संपतं. ते संपायच्या आत दुसरी साखर परत दिली, तर पेशी जवळजवळ न थांबता तिच्यावर वाढते. संपल्यावर दिली तर पुन्हा पहिल्यापासून. आईला परत ये म्हणायचा धीर मला होत नव्हता. फोनवर ती आज बाजारात काय आलं ते सांगायची, पेडवे, सौंदाळे, मोरी. मी ऐकायचे आणि मनात म्हणायचे, आता सगळं विरळ होत असणार.

दिवाळी झाली. एक दिवस तिचाच फोन आला, "माका न्हेवक ये." मी फोन ठेवला आणि गाडीचं तिकीट काढलं.

घर म्हणजे काय, यावर पूर्वी मी मोठमोठी वाक्यं बोलायचे. आता मला इतकंच वाटतं, की जिथे पोचल्यावर माणसाला थांबावं लागत नाही ते घर. माझ्या बाबतीत अशी जागा एकही उरलेली नाही, मी दोन्हीकडे थोडी थोडी थांबते, आणि त्याचं मला वाईट वाटतं. आईचं काय होणार हे मला माहीत नव्हतं. रात्रभराचा प्रवास करून सकाळी आम्ही दार उघडलं. मी तिच्या तोंडाकडे बघत होते. तिने सुक्या बांगड्याची पिशवी न सोडताच कोपऱ्यात ठेवली, पाय धुतले, पदराला हात पुसले आणि कॅलेंडरकडे बघितलं.

"आज मंगळवार मां गो? मगे बसतंस काय? चल, ती लक्ष्मम्मा मरळ घेवन इली आसतली."