ट्रॅक्टरच्या गेममधली सावली

तापलेल्या लॅपटॉपमधून धुळीचा वास आला की अणदूरची ती दुपार आठवते. पाय मोडून घरी पडलेल्या वडिलांना ताई ट्रॅक्टरचा गेम लावून देत होती. लॅपटॉपला वेगळं ग्राफिक्स कार्ड नव्हतं, त्यामुळं गेम सारखा अडकायचा. गेम हलका व्हावा म्हणून ताईनं सेटिंगमधून गवत काढलं, ढग काढले. मग विचारलं, "आण्णा, सावल्या काढू का?" "नगं. उन्हात भाकर कुठं खायाची?" वडील म्हणाले. ताई हसली नाही. तिनं त्याऐवजी चित्र धुरकट केलं, पण सावली ठेवली. वडिलांनी ट्रॅक्टर बांधावरच्या झाडाखाली उभा केला आणि कितीतरी दिवसांनी आपणहून आईला हाक मारली, "वाढ गं." ताईचे ते उपकार मी विसरलो नाही. आजही कुणाला गेम लावून देताना मी आधी विचारतो, सावली काढू का?